संग्रहित

"आमची आई एवढी जाड कधीच नव्हती ओ."

फोन उचलल्यावर पहिलं वाक्य हे. नाव नाही, गाव नाही. २०२१ चा जुलै, सांगलीत कृष्णेवरच्या आयर्विन पुलापाशी पाणी पन्नास फुटांच्या वर, आणि मी विश्रामबागेत बहिणीच्या हॉलमध्ये टेपांच्या खोक्यांच्या मधोमध बसलेलो. पाणी चढायला लागलं की लोक आधी म्हातारी माणसं, कागदपत्रं आणि गॅसची शेगडी हलवतात. माझ्या घरी आधी खोकी निघतात. यावरून बायकोनं काय काय बोलून घेतलंय ते इथं लिहीत नाही. लाइट जाऊन येऊन होती. बॅटरी वाचवायची म्हणून मी चारदा फोन कट केला होता, हा पाचवा. मी विचारलं, कोण बोलतंय? तर म्हणाला, मारुती चौकातला, अमक्या काकूंचा धाकटा, पुण्यात असतो आता. "दादा, आत्ता टीव्हीवर आई दिसली. दारात उभी आहे, कमरेएवढ्या पाण्यात. खाली पट्टी चाललीय, सांगलीतली थेट दृश्यं म्हणून." जरा थांबला. "आई गेली २०११ ला."

मला काकू आठवल्या, आणि तो शॉटही आठवला. शॉट माझाच होता. ऑगस्ट २००५ चा पहिला आठवडा, मिनी डीव्हीची टेप, खोक्यावर स्केचपेननं 'पूर ३'. बाई जाड दिसण्याचं कारणही मला लगेच कळलं. जुनं चित्र चार बाय तीनचं, आताचा टीव्ही सोळा बाय नऊचा. जाणकार माणूस असेल तर दोन्ही बाजूंना काळ्या पट्ट्या ठेवतो. घाईतला माणूस चित्र धरून आडवं ताणतो. मग सगळं गाव चपटं आणि रुंद होतं, सायकलींची चाकं लंबगोल होतात आणि एका मुलाला आपली गेलेली आई परत दिसते ती कुणाच्या तरी घाईतून.

तो शॉट तिथं कसा पोचला, हे सांगायचं तर दोन वर्षं मागं जावं लागेल. २०१९ च्या महापुरात एका वाहिनीच्या डेस्कवरून एका मुलीचा फोन आला होता. आवाज कोवळा, बोलणं आदबशीर. "सर, तुमच्याकडे २००५ चे व्हिज्युअल्स आहेत असं कळलं. तुलना दाखवायचीय. चाळीस सेकंद पुरेत. शक्यतो बायका-मुलं. रडतानाचं असेल तर बघा." रडतानाचं माझ्याकडं नव्हतं. पुरात माणसं फारशी रडत नाहीत, हे ज्यानं पूर पाहिलाय त्याला माहीत असतं. माणसं वैतागतात. एकमेकांवर ओरडतात, किल्ल्या शोधतात, मांजराला शिव्या देतात. रडणं नंतर येतं, पाणी ओसरल्यावर, चिखलातून कपाट उघडताना. तेव्हा कॅमेरे परत गेलेले असतात. मी तिला काकूंचा शॉट काढून दिला. फाइलच्या नावात वर्ष घातलं, चौक घातला, मेलमध्ये परत लिहिलं की 'संग्रहित' असं पडद्यावर यायला हवं. तेव्हा ते आलंही. कोपऱ्यात, बारीक अक्षरात, पण आलं. पैसे चार महिन्यांनी आले, तेही आले. पुढं दोन वर्षांत ती फाइल कुणीतरी कुठंतरी कापली असणार, नवीन नाव दिलं असणार, आणि २०२१ ला कुणीतरी 'सांगली पूर' एवढंच शोधल्यावर ती वर आली असणार. तोवर वर्ष गळून पडलेलं. यात कुणाचा डाव नव्हता, म्हणून तर राग नेमका कुणावर काढायचा तेच कळेना.

मी काही शिकलेला अभिलेखपाल वगैरे नाही. एका लोकल केबलच्या बातम्यांसाठी शूटिंग करायचो. गणपतीच्या मिरवणुका, नगरपालिकेच्या सभा, बेदाण्याचे आणि हळदीचे सौदे, दहावीचा निकाल. केबल बंद पडली तेव्हा मालक म्हणाला, टेपा भंगारात घालतोय, प्लास्टिकला बरा भाव आहे. मी म्हटलं, मला दे. सहाशेच्या वर निघाल्या. व्हीएचएस, सुपर व्हीएचएस, मिनी डीव्ही. सुरुवातीला वाटलं, एक उन्हाळा बसलं की सगळ्या कॉम्प्युटरवर उतरतील. पण टेपेला घाई चालत नाही. तासाची टेप उतरवायला तासच लागतो. ती फिरत असताना समोर बसावं लागतं, कारण मधेच टेप वाचणारं हेड घाण होऊन चित्राचे चौकोन चौकोन पडतात. मग परत पुसा, परत लावा. ज्या कॅमेऱ्यावर हे चालतं तसला कॅमेरा आता बाजारात नाही. माझ्याकडं दोन आहेत, त्यातला एक दुसऱ्याच्या सुट्या भागांसाठी ठेवलाय. पावसाळ्यात कृष्णाकाठची दमट हवा टेपेच्या कडेनं पांढरी बुरशी होऊन बसते. भाकरीवर धरते तशीच दिसते. ती खोलीभर उडू नये म्हणून मी नाकाला रुमाल बांधून गॅलरीत बसतो, तेव्हा शेजारचे विचारतात, काय, मिरची कांडायलाय का?

फिल्मवाल्यांचं दुखणं वेगळं असतं. ॲसिटेटची फिल्म बिघडायला लागली की डब्यातून व्हिनेगरचा वास येतो. एका डब्याला आला की शेजारच्याला लागतो, साथीसारखा. त्याही आधीची नायट्रेट तर पेटायलाच बसलेली असते. पुण्यात २००३ च्या जानेवारीत राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या नायट्रेट फिल्मांच्या कोठीला आग लागली आणि प्रभातच्या काळातला मोठा ठेवा जळाला. मी ती बातमी एसटी स्टँडवर उभ्याउभ्या वाचली होती. तेव्हा मी टेपा सांभाळणारा नव्हतो, भरणारा होतो. बातमी वाचून पेपर घडी घालून पिशवीत टाकला आणि मिरजेला एका बारशाच्या शूटिंगला गेलो, एवढंच आठवतं.

माझ्या वडलांच्या पिढीनं असलं 'संग्रहित' पुष्कळ पाहिलंय, थिएटरात. १९४८ मध्ये फिल्म्स डिव्हिजन सुरू झाली आणि पुढं वर्षानुवर्षं पिक्चरच्या आधी समाचार-चित्र दाखवणं थिएटरांवर बंधनकारकच होतं. धरणं, पंतप्रधान, दुष्काळ, क्रिकेट. वडील सांगायचे, आम्ही मुद्दाम उशिरा आत जायचो, तेवढ्या वेळात बाहेर भजी व्हायची. त्या भज्यांच्या वेळात काय निसटलं ते आता लोक सेकंदाच्या भावानं विकत घेतात. लंडनच्या ब्रिटिश पाथे कंपनीनं २०१४ मध्ये आपल्या ८५ हजार चित्रफिती यूट्यूबवर एकदम मोकळ्या केल्या, तेव्हा मी रात्र रात्र बसून त्यात आपल्याकडचं काही सापडतं का बघत होतो. मला त्यात सगळ्यात जास्त हेवा वाटला तो चित्रांचा नव्हे, त्यांच्या टिपणांचा. जुन्या समाचार-चित्रांच्या कॅमेरामनला फिल्मच्या डब्यासोबत एक कागद पाठवावा लागे. डोप शीट म्हणतात त्याला. कुठं, कधी, कोण, डावीकडून तिसरा माणूस कोण. फिल्म हरवली तरी चालेल पण कागद हरवता कामा नये, असं मी म्हटलं तर लोक हसतात. पण कागद नसलेली फिल्म म्हणजे नुसती हलणारी माणसं. कुणाचीही, कुठलीही.

माझ्या वहीत मी तेव्हा काय लिहिलंय बघाल तर लाज वाटेल. 'पूर ३. मारुती चौक. पाणी. होडी. पाणी. बाई ओरडते. पूल.' एवढंच. सत्तावीस-अठ्ठावीस वर्षांचा होतो, वाटायचं हे सगळं आपल्याला आठवणारच आहे.

आणि मागणारे काय काय मागतात! एकदा एका माहितीपटवाल्यांना नाना पाटलांच्या प्रतिसरकारचं फुटेज हवं होतं. शेणोलीला १९४३ मध्ये पगाराची रेल्वे अडवून लुटली, त्याचं. मी म्हटलं, साहेब, भूमिगत होते ते. फोटो निघू नये म्हणून जीव मुठीत धरून उसातून फिरणारी माणसं, ती कॅमेरावाल्याला बोलवून गाडी लुटतील का? ते हसले, म्हणाले, मग त्या काळातली कुठलीही वाफेच्या इंजिनाची गाडी चालेल. तशी गाडी त्यांना कुठून तरी मिळालीही. पडद्यावर ती धूर सोडत छान गेली, खाली निवेदन शेणोलीचं. मला शपथेवर सांगता येईल, सातारा जिल्ह्यात तसे सपाट रूळ आणि मागं तसली ताडाची झाडं कुठंच नाहीत. आणखी एकाला कोयनेचा भूकंप हवा होता, ११ डिसेंबर १९६७ चा, "प्रत्यक्ष हादरा बसतानाचा". भूकंप पहाटेचा. पहाटे चारच्या सुमाराला कोयनानगरच्या थंडीत कोण कॅमेरा लावून बसलं असेल? भूकंपाचं चित्र मिळतं ते दुसऱ्या दिवसाचं. पडलेल्या भिंती आणि तंबू. घटना घडून गेल्यावर जे उरतं तेच आमच्याकडं असतं. पण मागणाऱ्याला हे पटत नाही. त्याला वाटतं, आपण नीट शोधत नाही.

२००५ चं तर उलटं झालं. त्या वर्षी २६ जुलैला मुंबई बुडाली, सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस, आणि सगळ्या देशाचे कॅमेरे तिकडं. आम्ही बुडालो त्याच्या पाठोपाठ. आयर्विनपाशी पाणी त्रेपन्न फुटांच्या वर गेलं तेव्हा मी एका मोठ्या वाहिनीला फोन करून सांगत होतो, माझ्याकडं तीन तास शूटिंग आहे, बसनं पाठवतो, पैसे नकोत. पलीकडचा म्हणाला, पुराचं आमच्याकडं भरपूर आहे. त्या वर्षी कुणालाच नको होतं ते चौदा वर्षांनी सगळ्यांना हवं झालं. याला हळदीचं गणित लागू पडतं. हरिपूर-सांगलीवाडीला जमिनीत पेवं असायची. खोल खड्डा, आत गवत-पाला लावायचा, हळद भरायची, तोंड मातीनं लिंपायचं, भाव येईपर्यंत वर्षानुवर्षं विसरून जायचं. कीड लागत नसे, रंग उतरत नसे, उलट चढायचा म्हणतात. माझ्या मामाच्या शेजाऱ्यांचं पेव उघडताना मी लहानपणी पाहिलंय. आधी आत कंदील सोडून बघायचे, विझला तर माणूस उतरवायचा नाही. मग तो उबट, कडू, डोळ्यात जाणारा वास. २००५ च्या पाण्यानं ती पेवं नासली. हळद गेली ती गेलीच, नंतर बहुतेकांनी कोल्ड स्टोअरेजचा रस्ता धरला. आता आपण कशाचंही 'पेव फुटलं' म्हणतो. मोबाइलवरच्या व्हिडिओंचंसुद्धा. खरं पेव फुटतं तेव्हा काही वाढत नाही, आत जपलेलं कुजून जातं, हे म्हणणाऱ्याच्या गावी नसतं.

माझंही एक पेव फुटलं, २०१९ ला. पाणी सत्तावन्न फुटांच्या पुढं जाईल असं कुणाच्या बापाला वाटलं नव्हतं. २००५ ला घरात जिथवर आलं होतं तिथं मी पेन्सिलनं रेघ मारून ठेवलेली आणि त्या रेघेच्या वर हातभर सोडून फळी ठोकलेली. शहाणपणा! पाणी फळीच्याही वर गेलं. पुराच्या टेपा माळ्यावर होत्या, त्या वाचल्या. खाली होती ती लग्नं. दीडएकशे लग्नं चार दिवस कृष्णेच्या पाण्यात भिजली. आणि मग मी जे केलं ते आता कुणाला सांगायची सोय नाही. गच्चीवर चादरी पसरून सगळ्या टेपा उन्हात वाळत घातल्या, पापडासारख्या. भिजलेली टेप उन्हात घालायची नसते. स्वच्छ पाण्यातून काढून सावलीत, गार हवेत हळूहळू वाळवायची असते, हे मला दोन महिन्यांनी कळलं. तोवर चिखल रिबिनीवर बसून पक्का झालेला. गावभागातले एक वयस्कर गृहस्थ मुलीच्या लग्नाची टेप मागायला आले होते. मुलगी पुढं बाळंतपणात गेलेली. मी त्यांना खोकं दिलं, आत काही उरलं नाही हे सांगून. त्यांनी ते तसंच पिशवीत घालून नेलं.

असो. टेपा राहिल्या त्या अशा.

काकूंच्या मुलाचा फोन ठेवल्यावर मी त्या वाहिनीला फोन लावला. तीन माणसं बदलून चौथ्याला म्हटलं, तुम्ही थेट म्हणून दाखवताय ती बाई वारलीय. तो गोंधळला, म्हणाला, "म्हणजे आत्ता? पुरात?" हे एवढं वाईट होतं की मला हसू आलं. समजावल्यावर म्हणाला, सर काढतो, पण चौक तर तोच आहे ना? चौक तोच होता. पण जरा डोळे उघडून बघितलं असतं तर मागं पिवळ्या रंगात 'एसटीडी पीसीओ' दिसत होतं. एकाही नेत्याचा वाढदिवसाचा फ्लेक्स नव्हता. आणि मुख्य म्हणजे त्या गर्दीत एकाही माणसाच्या हातात वर धरलेला मोबाइल नव्हता. २०२१ सालात पूर आलाय आणि कुणीच शूटिंग करत नाही, हे कसं शक्य आहे?

एक कबुली देऊन टाकतो. राग आला तसा त्याच्या आधी क्षणभर आनंदही झाला होता. बहिणीच्या टीव्हीवर लाइट आल्यावर तो शॉट पुन्हा लागला, भाच्याला म्हटलं, हा बघ, मी काढलेला. फ्रेम चांगलीच होती. पाणी, दाराच्या चौकटीवरचं वाळलेलं तोरण आणि मधे काकू, एक हात ट्रंकेवर. भाचा म्हणाला, मामा, खाली 'लाइव्ह' का लिहिलंय? तेव्हा कुठं परत राग आला.

दिवाळीनंतर काकूंचा मुलगा सांगलीला आला. येताना चितळ्यांची बाकरवडी आणि रिकामा पेन ड्राइव्ह. म्हणाला, ते टीव्हीवरचं मोबाइलवर घेतलंय मी, पण आई त्यात बोलत नाही. बोलत नव्हती कारण माझ्याकडून गेलेल्या चाळीस सेकंदांत फक्त पाण्याचा आवाज होता. डेस्कवरच्या मुलीला बाई-माणूस हवं होतं, तोंड हलणारं नको होतं, वरून निवेदन घालायचं असतं ना. मी म्हटलं, थांब, पूर्ण टेप लावतो. फाइल नको, टेपच बघू. कारण कॅमेऱ्यातून लावली की कोपऱ्यात तारीख आणि घड्याळ दिसतं, फाइल केली की ते दिसत नाही. तारीख टेपेत असतेच, पण चित्राच्या अंगावर नसते. सगळा घोटाळा खरं म्हणजे इथंच आहे.

दोघं स्टुलावर बसलो. टेप करकरली आणि लागली. पाणी. होडी, तिच्यात एक म्हातारा आणि शिलाई मशीन. परत पाणी. मग दार. काकू बारीकच होत्या, तो म्हणाला होता तशा. बराच वेळ त्या ट्रंक उचलायला बघतात, एका बाजूनं उचलते, दुसरी बाजू पाण्यात जाते. टीव्हीवर गेलेला भाग एवढाच. त्यानंतर त्यांचं लक्ष माझ्याकडं जातं. हे मी किती वर्षांत पाहिलं नव्हतं कोण जाणे. थेट कॅमेऱ्यात बघून, मारुती चौक दणाणेल अशा आवाजात, "ए शूटिंगवाल्या! काय काढायलायस तिकडनं? माझं तोंड काय बघतोस, ह्या ट्रंकेला हात लाव की जरा!"

तो मोठ्यानं हसला. "हां, ही आई!" मग डोळे पुसले, मग परत हसला.

पडद्यावर चित्र कलंडतं. गढूळ पाणी, माझा एक पाय, पोटरीपर्यंत भिजलेला. आणि एकदम आयर्विन पूल, लांबून, संध्याकाळचा. कोपऱ्यातलं घड्याळ पायाच्या शेवटच्या फ्रेमला ४ वाजून ८ मिनिटं दाखवतं, पुलाच्या पहिल्या फ्रेमला ५ वाजून ३१. सेकंदाला पंचवीस फ्रेम. दोन फ्रेमच्या मधे, सेकंदाच्या पंचविसाव्या भागात, एक तास तेवीस मिनिटं बसलेली.

"मग?" तो म्हणाला. "लावला का हात?"

मी वही काढली. 'बाई ओरडते. पूल.' मधे काही नाही. खरंच आठवत नव्हतं. बॅटरी संपली असेल, ती चार्ज करायला गेलो असेन, तेव्हा बॅटरी घरी जाऊनच चार्ज करायला लागायची. कुणी होडीतून बोलावलं असेल. किंवा लावलाही असेल हात. तसं मी त्याला सांगितलं, आठवत नाही म्हणून.

"ट्रंक पुण्यात आहे माझ्याकडं," तो म्हणाला. "आमचे सगळे दाखले, बाबांची सर्व्हिसची कागदं, सगळं त्यात होतं, एक कागद भिजला नाही. वरच्या मजल्यावर एकटीनं नेली नसणार आईनं. चाळीस किलो तरी असेल." मग त्यानं स्वतःच बटण दाबून टेप मागं नेली. पाणी, पाय, पूल. परत मागं. पाणी, पाय, पूल. चौथ्यांदा पायावर थांबवली आणि पडद्याजवळ जाऊन बोट ठेवलं.

"पायात चप्पल नाही तुमच्या. पाण्यात उतरायलाच काढली असणार."

मी टेप बाहेर काढली, खोक्यात घातली. चपला त्या दिवशी सकाळीच वाहून गेल्या होत्या, हे मला चांगलं आठवत होतं.